जर्मन सिनेमात प्रॉडक्शन डिझायनर व्हायचंय? आधी खोली वाचायला शिका

माझे आजोबा कोल्हापुरात जयप्रभा स्टुडिओत सुतार होते. कॅमेरा कुठे लागणार हे विचारल्याशिवाय ते सेटच्या दरवाजाला बिजागरी ठोकत नसत. मी गेली पंधरा वर्षं पॉट्सडाम आणि बर्लिनमध्ये सिनेमाच्या कला विभागात आहे, त्यातली शेवटची सहा प्रॉडक्शन डिझायनर म्हणून. आजही नव्या लोकेशनवर पाय ठेवला की मी आधी दरवाजे बघते. दर उन्हाळ्यात पुण्या-मुंबईहून, कधी नागपूर-पणजीहून आर्किटेक्चरच्या किंवा कला महाविद्यालयाच्या मुलामुलींचे निरोप येतात: ताई, तिकडे या कामात शिरायचं कसं? एकेकाला तुकड्यातुकड्यांनी सांगण्यापेक्षा एकदाच सगळं सविस्तर लिहिते.

पदांची नावं

आपल्याकडे ज्याला कला दिग्दर्शक म्हणतात, तो प्रॉडक्शन डिझायनर; त्याला जर्मनीत स्त्सेनेनबिल्डनर म्हणतात, बाई असेल तर स्त्सेनेनबिल्डनरिन. विभागाचं नाव स्त्सेनेनबिल्ट, म्हणजे शब्दशः दृश्याचं चित्र. जुन्या श्रेयनामावलीत याच माणसाला 'फिल्मआर्किटेक्ट' म्हटलेलं दिसेल. 'आर्ट डायरेक्टर' हे पद इथे मोठ्या निर्मितीतच असतं आणि ते डिझायनरच्या हाताखालचं असतं. मुंबईत तुम्ही कला दिग्दर्शक म्हणून विभाग सांभाळला असेल आणि अर्जात नुसतं 'आर्ट डायरेक्टर' लिहिलंत, तर वाचणारा तुम्हाला एक पायरी खाली धरतो. काय सांभाळलं, ते एका वाक्यात लिहा.

त्याखालची उतरंडही वेगळी आहे. सेटवरच्या वस्तू बघणाऱ्या आपल्या प्रॉपर्टीवाल्याचं काम इथे दोघांत वाटलेलं असतं. औसनरेक्विझिटवाला वस्तू शोधतो, भाड्याने आणतो, विकत घेतो आणि सेट लावतो. इननरेक्विझिटवाला शूटिंग चालू असताना कॅमेऱ्याजवळ उभा राहतो. सिगारेट किती जळली होती, ग्लासात किती वाईन होती, हे त्याच्या डोक्यात आणि फोनमधल्या फोटोंत. सुतार-रंगाऱ्यांची तुकडी म्हणजे बाउब्यूने. नव्या भिंतीला चाळीस वर्षांची जुनी करणारा रंगारी वेगळा, त्याला पाटिनीयरर म्हणतात. चांगला पाटिनीयरर मिळाला तर त्याच्या तारखा आधी ठरवा, बाकीची माणसं नंतर.

खोली वाचणं

या कामात पाय रोवायला सगळ्यात जास्त कशाचा उपयोग झाला असं मला विचारलंत, तर चित्रकला किंवा सॉफ्टवेअर हे उत्तर मी देणार नाही. खोली वाचता येणं, हे माझं उत्तर. इथे कोण राहतं, कधीपासून राहतं, आणि कुठल्या पैशावर राहतं, ही तीन उत्तरं खोलीतल्या वस्तूंतून काढायची आणि मग उलट्या दिशेने, ही तीन उत्तरं हातात घेऊन रिकामी खोली भरायची.

आपल्याला हे लहानपणापासून येतं, फक्त त्याला कुणी कौशल्य म्हणत नाही. आजीच्या स्वयंपाकघरातली मांडणी आठवा. स्टीलच्या भांड्यांवर नाव आणि तारीख घालून घ्यायची आपली पद्धत. एका डब्यावर मामाच्या लग्नाची तारीख, एका ताटावर कुणाच्या मुंजीची, पितळेचा एक जुना गडू त्याहीआधीचा, आणि शेजारी परवा बोहारणीकडून घेतलेला प्लॅस्टिकचा टब. त्या मांडणीत पन्नास वर्षं एकाच वेळी उभी असतात. नवशिक्या डिझायनरची मोठी चूक इथेच होते. गोष्ट १९८७ ची आहे म्हटल्यावर तो १९८७ च्या वस्तूंनी खोली भरतो. खऱ्या माणसाच्या घरात १९८७ साली १९८७ ची वस्तू एखाद-दुसरीच असते. कपाट आईकडून आलेलं तिशीतलं, टेबल पन्नाशीच्या दशकातलं, रेडिओ लग्नात घेतलेला, आणि नवी म्हणावी अशी फक्त पडद्याची कापडं.

पूर्व जर्मनीवरच्या सिनेमांत कोंबडीच्या आकाराचा प्लॅस्टिकचा एगकप, म्हणजे उकडलेलं अंडं ठेवायची वाटी, हमखास टेबलावर असतो, कारण तो कुठल्याही जुन्या बाजारात मिळतो आणि प्रेक्षक तो ओळखतो. मी तो वापरत नाही. ओळखीची वस्तू ठेवली की प्रेक्षक काळ ओळखतो आणि माणूस विसरतो.

या बाबतीत दोन सिनेमे पुन्हा पुन्हा बघा. पहिला २००६ चा 'दास लेबेन देर आंडेरेन', डिझायनर सिल्के बूर. गोष्ट १९८४ च्या पूर्व बर्लिनमधली. त्यात लाल आणि निळा रंग जवळजवळ काढून टाकला आहे. उरतात हिरवट, करडे, तपकिरी, नारिंगी. लेखकाचं पुस्तकांनी भरलेलं घर आणि त्याच्यावर पाळत ठेवणाऱ्याची रिकामी सदनिका शेजारी ठेवून बघा. संवाद बंद केले तरी दोघांचं आयुष्य कळतं. दुसरा २००३ चा 'गुड बाय, लेनिन!', डिझायनर लोटार होलर. पूर्व जर्मनी संपली आहे हे आजारी आईला कळू नये म्हणून मुलगा तिची खोली जुन्या काळातच ठेवतो, कचऱ्यातून जुन्या बरण्या शोधून त्यांत नवी काकडीची लोणची भरतो. तो मुलगा सिनेमाभर आपलंच काम करत असतो. बरणीवरचं लेबल चुकलं तर काय होतं, हे त्याच्याइतकं कुठल्याच पाठ्यपुस्तकाने मला शिकवलं नाही.

लेबलावरून माझीच गोष्ट सांगते. प्रशिक्षणार्थी म्हणून माझा दुसरा सिनेमा, गोष्ट १९८७ च्या पॉट्सडाममधली. पत्रांची पाकिटं करायचं काम माझ्याकडे होतं. कागद जुना, तिकीट बरोबर, अक्षर टाकाने लिहिलेलं. पण पिनकोड मी पाच आकडी घातला. जर्मनीत पिनकोड पाच आकडी झाले १ जुलै १९९३ ला. त्याआधी दोन्ही जर्मनींत चारच आकडे. १९८७ ला ते '१५०० पॉट्सडाम' असायला हवं होतं. आमच्या औसनरेक्विझिटवाल्या म्हाताऱ्याने, जो आयुष्यभर त्याच शहरात राहिला होता, दहा पावलांवरून ते पाकीट बघितलं आणि काही न बोलता उचलून माझ्या हातात दिलं. रात्री बसून अकरा पाकिटं पुन्हा केली. त्या रात्रीपासून मी एक वही ठेवते, तारखांची वही. तुम्हीही सुरू करा.

त्या वहीतलं थोडं देते. मोटारीच्या नंबरप्लेटवर निळी युरोपीय पट्टी आली नव्वदीच्या मध्यावर. त्याआधीच्या रस्त्यावर ती दिसली तर शॉट बाद. पूर्वेत पश्चिमेचं मार्क चलन १ जुलै १९९० पासून. त्याच्या आदल्या दिवशीच्या दुकानात दुसऱ्याच नोटा. जर्मन शुद्धलेखन १९९६ ला बदललं: 'की' या अर्थाचा जर्मन शब्द तोपर्यंत एस्त्सेट या अक्षराने संपायचा, आता दोन 'एस'नी संपतो. म्हणजे १९८५ ची सरकारी नोटीस आजच्या संगणकावर, आजच्या शुद्धलेखनाने टाइप केली तर शाळामास्तर प्रेक्षक लगेच सावध होतो. भिंतीला राउफाझर, म्हणजे लाकडाचा भुसा घातलेला खरखरीत कागद, तो मात्र १८६४ पासून आहे. साठीच्या, सत्तरीच्या, नव्वदीच्या कुठल्याही खोलीत निर्धास्त चालतो. पूर्वेतल्या तयार काँक्रीटच्या फलकांच्या इमारतींत सगळ्यात पसरलेली मालिका 'डब्ल्यूबीएस ७०'. तिची पहिली इमारत १९७३ ला नॉयब्रांडेनबुर्गमध्ये उभी राहिली. १९६८ च्या दृश्यात खिडकीबाहेर ती दिसता कामा नये.

इथे जन्मलेल्यांना यातलं बरंचसं अंगात भिनलेलं असतं, त्यामुळे ते तपासत नाहीत. आपल्याला प्रत्येक गोष्ट तपासावीच लागते, आणि म्हणून चार-पाच वर्षांनी लोक आपल्यालाच विचारायला येतात. परकेपणाचा हा फायदा मन लावून घ्या.

जुनं बघणं

बर्लिनला आलात तर एक दिवस वाइसेनझे भागासाठी ठेवा. तिथल्या स्टुडिओत १९१९-२० च्या सुमारास 'डॉक्टर कालिगारी' हा मूकपट चित्रित झाला. हेर्मान वार्म, वाल्टर राइमान आणि वाल्टर ऱ्योरिग या तिघांनी तिरक्या भिंती कापडावर रंगवल्या आणि सावल्यासुद्धा ब्रशने रंगवल्या. स्टुडिओ आज नाही. पण त्याच भागात १९२९ ची डेल्फी नावाची मूकपटगृहाची इमारत उभी आहे, आणि 'बाबिलोन बर्लिन' या मालिकेतल्या नाइटक्लबचा आतला भाग तिथेच चित्रित झाला. डिझायनर उली हानिश. रस्त्यांसाठी त्यांनी पॉट्सडाममधल्या बाबेल्सबर्ग स्टुडिओच्या आवारात १९२० च्या दशकातलं अख्खं बर्लिन उभं केलं. 'द क्वीन्स गॅम्बिट' या मालिकेतल्या मॉस्कोच्या बुद्धिबळ स्पर्धेचा हॉलही त्यांचाच, आणि तो आहे बर्लिनच्या जुन्या श्टाटहाउस या सरकारी इमारतीत. मॉस्को म्हणून खपणारं सभागृह आपल्याच शहरात आहे हे ओळखायला खोली वाचणारी नजरच लागते.

बाबेल्सबर्गमध्ये १९१२ पासून चित्रीकरण चालू आहे. तिथला 'मेट्रोपोलिस' हा मूकपट १९२७ चा; सेट म्हणजे ऑटो हुंटे, एरिख केटेलहुट आणि कार्ल फोलब्रेख्ट यांचं काम. त्यात ऑयगेन श्युफ्टान यांची आरशाची युक्ती आहे: कॅमेऱ्यापुढे पंचेचाळीस अंशांत आरसा ठेवायचा, त्यात बाजूचं छोटं मॉडेल दिसतं, आणि जिथे माणसं हवीत तिथला आरशाचा पारा खरवडून काढायचा म्हणजे मागची खरी माणसं त्या भव्य इमारतीत उभी दिसतात. मी विद्यार्थ्यांना हा प्रयोग घरच्या आरशावर करायला लावते. एकदा केला की मॉडेलचं प्रमाण म्हणजे काय, ते बोटांना कळतं.

आपला आणि या परंपरेचा धागाही खरा आहे. प्रभातचे व्ही. शांताराम 'सैरंध्री'च्या रंगीत छपाईसाठी जर्मनीला गेले होते, आणि परतल्यावरच्या १९३४ च्या 'अमृतमंथन'मधल्या छायाप्रकाशात तिथलं पाहिलेलं उतरलं. प्रभातचे कला दिग्दर्शक साहेबमामा फत्तेलाल. त्याच सुमारास मालाडला बॉम्बे टॉकीजमध्ये म्यूनिकचा एक तरुण आर्किटेक्ट सेट करत होता, कार्ल फोन श्प्रेटी. पुढे तो पश्चिम जर्मनीचा राजदूत झाला आणि १९७० ला ग्वाटेमालात अपहरण होऊन मारला गेला. मालाडला गेले की मला हटकून त्याची आठवण येते. घरापासून हजारो मैलांवर, अनोळखी भाषेत, कुठल्या लाकडाची चौकट बरोबर दिसेल असं विचारत तोही फिरला असेल.

शिरायचं कसं

दोन वाटा आहेत. एक शिक्षणाची. पॉट्सडामचं बाबेल्सबर्ग फिल्म विद्यापीठ, 'कोनराड वोल्फ' नावाचं, १९५४ पासूनचं. तिथे सिनोग्राफीचा, म्हणजे दृश्यरचनेचा, अभ्यासक्रम आहे. लुडविग्सबुर्गच्या फिल्म अकादमीतही स्त्सेनेनबिल्ट शिकवतात. अनेक जण आर्किटेक्चर किंवा इंटिरिअर करून मग इकडे वळतात, मीही तशीच. पुण्यात एफटीआयआयमध्ये, म्हणजे जुन्या प्रभातच्याच जागेत, कला दिग्दर्शनाचा अभ्यासक्रम आहे. तिथे आधी शिकून आलात तर उत्तमच.

प्रवेशासाठीच्या कामांच्या संचात चकचकीत संगणकी चित्रं भरू नका. एकच खोली घ्या, खरी, तुमच्या ओळखीची. तिचा नकाशा हाताने मोजून काढा. मग ती खोली तीन वेगवेगळ्या सालांत दाखवा, माणसं तीच. काय बदललं, काय तसंच राहिलं आणि का, ते प्रत्येकी चार ओळींत लिहा. कोल्हापूरची, मडगावची, यवतमाळची कुठलीही खोली चालेल. बर्लिनचं कल्पनाचित्र करून पाठवाल तर परीक्षकांना तुमच्यापेक्षा बर्लिन जास्त माहीत आहे. तुमच्या बाजाराच्या मागच्या गल्लीतली शिंप्याची खोली फक्त तुम्हालाच माहीत आहे.

कागदपत्रांचं थोडक्यात: भारतातून विद्यार्थी व्हिसासाठी नोव्हेंबर २०२२ पासून एपीएस प्रमाणपत्र, म्हणजे तुमची शैक्षणिक कागदपत्रं तपासल्याचा दाखला, लागतं, त्याला वेळ लागतो, ते सगळ्यात आधी हाती घ्या. ब्लॉक्ड खात्यात, म्हणजे राहण्या-खाण्याच्या खर्चाची हमी म्हणून उघडायच्या खात्यात, ठेवायची रक्कम २०२४ च्या शरदापासून महिन्याला ९९२ युरो, वर्षाचे ११,९०४. ती वाढत राहते, अर्जाच्या वेळी पुन्हा बघा. जर्मन विद्यापीठाची पदवी घेतल्यावर काम शोधायला अठरा महिन्यांचा परवाना मिळू शकतो. तो मिळाला की सेटवरच्या नोकरीची आणि स्वतंत्र कामाची, दोन्ही मुभा परवान्यावर लिहिली आहे ना, हे खिडकीवरून हलण्याआधी वाचा.

दुसरी वाट थेट सेटवरची: प्रशिक्षणार्थी, मग सहायक किंवा वस्तू आणणाऱ्या गाडीचा चालक, मग औसनरेक्विझिट, मग डिझायनरचा सहायक, मग एखादा छोटा सिनेमा स्वतःचा. या वाटेवर गाडी चालवता येणं हे चित्र काढता येण्याइतकंच महत्त्वाचं आहे. आपला परवाना इथे राहायला आल्यापासून सहाच महिने चालतो. मग लेखी आणि प्रत्यक्ष, दोन्ही परीक्षा पुन्हा द्याव्या लागतात. साडेतीन टनांची व्हॅन उलटी घेऊन अरुंद अंगणात लावता आली की कला विभाग तुम्हाला सोडत नाही. माझी पहिली तीन कामं मला परवान्यामुळे मिळाली.

आणि भाषा. बाबेल्सबर्गमधल्या परदेशी निर्मितीत इंग्रजीवर निभतं. पण जर्मन सिनेमात, आणि विशेषतः टीव्हीवर, जिथे बहुतेकांची रोजीरोटी आहे, तुम्हाला ऐंशी वर्षांच्या बाईंना फोन करून तुमचं स्वयंपाकघर दोन दिवस द्याल का असं विचारायचं असतं. त्यासाठी जर्मन परीक्षेतली बी-टू पातळी पुरत नाही. ब्रांडेनबुर्गची, सॅक्सनीची बोली कानावर पडू द्या. मी एका वर्षी आठवड्यातून एक सकाळ वृद्धांच्या कॅफेत स्वयंसेवक म्हणून चहा-कॉफी दिली, तिथे भाषेबरोबर घरांची वर्णनंही मिळाली.

पैशाचं स्पष्ट बोलते. इथे बहुतेक जण एका सिनेमाच्या मुदतीपुरते नोकरीवर असतात, आठवड्याच्या पगारावर, सामाजिक विम्यासकट. पगाराचा किमान दर व्हेर्डी ही कामगार संघटना, कलाकारांची संघटना आणि निर्मात्यांची संघटना यांच्या करारात ठरतो. तो तक्ता वाचून मगच बोलणी करा. तयारीचे आठवडे आणि आवराआवरीचे दिवस करारात मोजले आहेत ना ते बघा, कारण नवख्यांचे तेच बुडतात. माझे एकदा पूर्ण नऊ दिवस बुडाले. काम संपायची तारीख करारावर कळते, तेव्हाच रोजगार कार्यालयात नोंद करा. तीन महिन्यांपेक्षा कमी मुदत उरली असेल तर कळल्यापासून तीन दिवसांत. दोन सिनेमांमधल्या रिकाम्या आठवड्यांत घरभाडं तिथून मिळणाऱ्या बेरोजगारी भत्त्यावर निघतं. डिझायनर आणि वेशभूषाकारांची व्हीएसके नावाची व्यावसायिक संघटना आहे, तिच्या कार्यक्रमांना जा.

एका सिनेमाचं काम

पटकथा आली की पहिल्यांदा नुसती वाचा, पेन्सिल हातात न घेता. दुसऱ्यांदा औसत्सुग काढा, म्हणजे तक्ता: दृश्य क्रमांक, जागा, आत की बाहेर, दिवस की रात्र, कोण माणसं, आणि हाताळायच्या वस्तू. पानं इथे आठव्या भागांत मोजतात. 'दोन अष्टमांश' असं लिहिलेलं दृश्य म्हणजे पाव पान. त्या तक्त्यात मी एक रकाना माझा घालते: 'याआधी इथे काय घडलं'. पटकथेत नसतं ते. स्वयंपाकघरातल्या खिडकीची काच फुटून बदललेली आहे का, मुलगी घर सोडून गेली तेव्हा तिची खोली कुणी आवरली का. या रकान्यातूनच सेट उभा राहतो.

मग दिग्दर्शक आणि कॅमेरामन यांच्याबरोबर बसायचं, वेशभूषाकारालाही बोलवायचं. हिरवी भिंत ठरवली आणि नायिकेचा कोटही हिरवा निघाला, असं शूटिंगच्या सकाळी कळू नये. चित्रांचे फलक न्या, पण कापडाचे आणि रंगाचे खरे तुकडेही न्या. पडद्यावरचा रंग आणि हातातला रंग यांत भांडणं होतात.

जागेला इथे मोटीफ म्हणतात. जर्मन सिनेमाचं बजेट पाहता बहुतेक गोष्टी खऱ्या जागीच चित्रित होतात. 'टाटोर्ट' ही १९७० पासून रविवारी रात्री चालणारी गुन्हेकथांची मालिका घ्या. नव्वद मिनिटांचा एक भाग साधारण बावीस-तेवीस दिवसांत पुरा करायचा असतो. त्यात स्टुडिओत भिंती उभारायला कुणाकडे वेळ आहे? म्हणून जागा बघायला जाताना लेझर मीटर आणि त्सोलश्टॉक, म्हणजे लाकडाची दोन मीटरची घडीची पट्टी, दोन्ही घ्या. पट्टी फोटोत ठेवता येते, लेझर ठेवता येत नाही. दाराची रुंदी, छताची उंची, प्लगची क्षमता, खिडक्यांची दिशा, जिन्याचं वळण. सोफा त्या वळणावरून वर जाणार नाही हे मला एकदा सोफा जिन्यात अडकल्यावर कळलं. चौथ्या मजल्यावर दोरखंडाने खिडकीतून घ्यावा लागला. शेजाऱ्यांशीही त्याच दिवशी बोलून घ्या.

खर्चाचे तीन रकाने करा: भाड्याने, विकत, करून घ्यायचं. एक दशांश बाजूला ठेवा आणि तो आहे हे निर्मात्याला सांगा, लपवू नका. हातातल्या, तुटणाऱ्या, जळणाऱ्या वस्तू प्रत्येकी तीन. पत्र फाडायचं असेल तर सहा.

वस्तू कुठून? फुंडुस, म्हणजे सिनेमा-नाटकांच्या सामानाची कोठारं. बाबेल्सबर्गचं फार मोठं आहे. तिथे फर्निचर घ्या, दिवे घ्या. पण बारीकसारीक गोष्टी मी घरं रिकामी करणाऱ्यांकडून घेते. कुणी वारलं आणि मुलांना सामान नको असलं की ते लोक येऊन सगळं नेतात. त्यांच्याकडून मी एखादा खण जसाच्या तसा घेते: रबरबँड, बिलं, अर्धी मेणबत्ती, न उघडलेली बटणांची पुडी. असा खण कुठल्याही डिझायनरला बसून रचता येणार नाही. नावं, पत्ते, फोटो मात्र काढून टाका. ती कुणाची तरी आई होती.

आपण कायम एक पाऊल पुढे असतो. शूटिंग पहिल्या घरात चालू असतं, तेव्हा आपण दुसरं लावतो आणि तिसऱ्याची किल्ली मागतो. सेट तयार झाला की आबनामे, म्हणजे दिग्दर्शक येऊन पास करतो. त्याच्या आधी अर्धा तास मी सगळ्यांना बाहेर पाठवते आणि त्या पात्रासारखी खोलीत शिरते. चावी कुठे ठेवीन? बूट कुठे काढीन? दिवा हात न शोधता लागतो का? एकदा या अर्ध्या तासात लक्षात आलं की विधवेच्या घरात पलंगाच्या दोन्ही बाजूंना वाचायचे दिवे आम्ही लावले होते आणि दोन्ही सारखेच स्वच्छ होते. एका दिव्यावर धूळ हवी होती. दहा मिनिटांत झालं. पडद्यावर ती धूळ दिसत नाही, पण अभिनेत्री आत आली, त्या बाजूला बसली आणि दुसऱ्या दिव्याकडे बघत राहिली.

रूकबाउ

शेवटचा भाग म्हणजे जागा होती तशी परत करणं, रूकबाउ. यात हयगय करू नका. पुढच्या डिझायनरला ते घर मिळणार की नाही हे तुमच्यावर ठरतं.

ओडर नदीकाठच्या एका गावात आम्हाला एका आजींचं घर मिळालं होतं. तिथे मी जे केलं तेच दर वेळी करते. काहीही हलवण्याआधी प्रत्येक भिंतीचा, प्रत्येक फळीचा, प्रत्येक खणाचा आतून फोटो. खोक्यांवर क्रमांक, फोटोवर तोच क्रमांक. फर्निचरच्या पायांच्या जागी जमिनीवर चिकटपट्टीचे तुकडे. पडदे आजींनी स्वतः उतरवले, आम्हाला हात लावू दिला नाही. चार दिवसांनी आम्ही सगळं लावलं, रंगाचा नवा हात दिलेली भिंत पुन्हा मूळ पिवळी केली, आणि आजी खोलीभर फिरल्या. काचेच्या कपाटासमोर थांबल्या. वरच्या फळीवरचा तिसरा कप उचलला, कान डावीकडून उजवीकडे वळवला, दार लावलं. मी आधी काढलेला फोटो उघडून बघितला. फोटोत कान उजवीकडेच होता.

मग स्वयंपाकघरात बसून आम्ही हस्तांतराचा कागद भरला: मीटरचं वाचन, किल्ल्या तीन, नुकसान काही नाही. दोन प्रती. त्यांनी सही केली आणि माझ्यासाठी कॉफी ओतली, त्याच कपात.